गोलू देवाची स्थगिती

रिखाडी गाव इतकं ओस पडलं होतं की तिथे हाक मारली तर प्रतिध्वनी यायलासुद्धा कंटाळा करायचा. सकाळी मारलेल्या हाकेचं उत्तर कधीकधी दुसऱ्या दिवशी चहाच्या वेळी यायचं. मी स्वतः ऐकलेलं आहे. वरच्या जंगलातला बिबट्याही शेवटी वैतागून खाली भाबरात, म्हणजे पायथ्याच्या रानात, राहायला गेला. त्याला माणसं खायची नव्हती म्हणे, पण निदान दिसायला तरी हवी होती.

या गावात दोनच चुली पेटत होत्या. ओढ्याच्या अलीकडे डुंगरसिंह नयालची आणि पलीकडे खिमुलीची. खिमुली ही डुंगरच्या थोरल्या चुलतभावाची विधवा. तो तिला बोजी म्हणायचा, ती त्याला लला म्हणायची, जसं आमच्याकडे भावजय आणि धाकटा दीर एकमेकांना म्हणतात. लला सत्तरी ओलांडलेला होता आणि बोजी त्याच्याही पुढे, पण थट्टा मात्र बोजी कालच लग्न होऊन या घरात आल्यासारखी चालायची.

डुंगरच्या अंगणातलं ऊन दुपारच्या जेवणाआधीच जायचं, कारण मागचा डोंगर आडवा येतो. खिमुलीच्या अंगणात ते संध्याकाळपर्यंत रेंगाळायचं. त्यामुळे जेवण झालं की डुंगर ओढा ओलांडून जायचा आणि तिच्या अंगणातल्या सपाट दगडावर पाठ शेकत बसायचा. ती कोरा चहा करायची. गुळाचा खडा दाताखाली धरून दोघं तो प्यायचे आणि गावातलं कोण कशाने मेलं यावर भांडायचे. मी शेजारच्या गावचा, पण मीही जाता-येता तिथे टेकायचो. मी जागर लावणारा माणूस. हुडका वाजवत देवाची गोष्ट सांगायची, ती ऐकायला देव कोणाच्या तरी अंगात उतरतो, आणि मग लोक त्याच्यापुढे आपलं गाऱ्हाणं मांडतात. म्हणून मला सगळे गुरू म्हणतात. गोष्ट रटाळ झाली तर देव येत नाही, तेव्हा आमच्या धंद्यात थोडं तिखटमीठ चालतं. ही गोष्ट मात्र मी अळणीच सांगतो आहे.

डुंगरच्या घराला देवदाराचं कोरीव दार होतं. वर गणपती, दोन्ही बाजूंना वेली, वेलींवर पोपट. पोपट इतके हुबेहूब की अंगणात मका वाळत घातला की घरच्या बायका आधी दाराकडे बघून घ्यायच्या. त्या दाराला हात लावल्याशिवाय डुंगर कधी घरात शिरला नाही. एका हिवाळ्यात तो मोतीबिंदूच्या ऑपरेशनला हल्द्वानीला गेला आणि डोळ्यावर हिरवी पट्टी बांधून परत आला, तर दार नाही. फळ्या नाहीत, चौकट नाही, उंबरठा नाही. भिंतीला नुसतं भगदाड. आधी त्याला वाटलं, ऑपरेशन बिघडलं. मग हात लावून पाहिला. पूर्वी वारा यायचा तो दार खडखडवून, अदबीने. आता तो सरळ आत शिरून चुलीजवळ बसायला लागला.

डुंगरने बोजीला विचारलं. ती म्हणाली, मी काही पाहिलं नाही. दोन माणसांच्या गावात हे उत्तर कसं चालावं? रिखाडीत अक्रोडाचं पान गळलं तरी कोणत्या फांदीचं ते खिमुलीला सांगता यायचं. शिवाय गाडीच्या चाकांच्या खुणा तिच्याच शेतापर्यंत आल्या होत्या, आणि बोलताना ती त्याच्या पट्टीकडे बघत होती, उघड्या डोळ्याकडे नाही.

आमच्या पहाडात पोलीस म्हणजे पटवारी. जो शेत मोजतो तोच चोर पकडतो. हा उप्रेती पटवारी माणूस वाईट नव्हता, पण त्याच्याकडे काठीसुद्धा स्वतःची नव्हती. तो म्हणाला, जुनं दार गेलं म्हणून मी कोणाविरुद्ध लिहून घेऊ, वाऱ्याविरुद्ध? डुंगरला राग आला. तो उतरून धारचौडला गेला आणि लोहनी वकिलाकरवी कोर्टात थेट खाजगी फिर्याद लावली. आरोपी खिमुली. तिला समन्स निघालं.

एवढ्यावर तो थांबता तर ही गोष्ट वकिलाने सांगितली असती. पण परत येताना तो डोंगरधारेवरच्या गोलू देवाच्या मंदिरात गेला. गोलू आमचा न्यायाचा देव. लोक त्याच्या देवळात स्टॅम्प पेपरवर तक्रार लिहून टांगतात आणि न्याय मिळाला की घंटा वाहतात. याला आम्ही घात घालणं म्हणतो. आणि घात पडली की आमच्या पट्टीत, म्हणजे या भागातल्या गावांत, दोन घरांमध्ये तीन गोष्टी बंद होतात. त्या घरची आग घ्यायची नाही, पाणी घ्यायचं नाही, त्या अंगणात पाऊल टाकायचं नाही. देव निकाल देईपर्यंत. लोहनी वकिलाने विचारलं होतं, एक कोर्ट पुरत नाही का? डुंगर म्हणाला, तुमच्या कोर्टात नुसत्या तारखा पडतात, देवाकडे निदान घंटा तरी वाजते.

मग जे व्हायचं ते झालं. बोलायला तशी बंदी नव्हती. पण आमच्याकडे बोलणं सुरूच होतं ते पाण्याच्या लोट्यापासून, आणि पाणीच घ्यायचं नाही तर बोलणार कुठून? तारखेला दोघं एकाच जीपने धारचौडला जायचे, कारण जीप एकच होती. तो पुढे, ती मागे. येताना ती पुढे, तो मागे. घरी आल्यावर तो आपल्या अंगणाच्या सावलीत बसायचा आणि पलीकडच्या अंगणातलं ऊन बघायचा. मी एकदा विचारलं, काय बघतोस रे? तो म्हणाला, "त्या दगडावर कोणी बसत नाही. ऊन फुकट जातंय."

घरात तो आता कोंबड्यांशी बोलायचा. कोंबड्या काही दिवस ऐकत होत्या, मग त्याही शेळीच्या खोपटात झोपायला गेल्या.

पुढच्या थंडीत खाली नाक्यावर एक ट्रक पकडला गेला. ताडपत्रीखाली आख्ख्या पहाडातली कोरीव दारं, खिडक्या, खांब. शहरातल्या हॉटेलांना असली दारं लावायची हौस आली होती म्हणे. आता उप्रेती पटवाऱ्याला लिहून घ्यावंच लागलं, आणि गावोगावच्या गेलेल्या दारांत रिखाडीचं दारही त्याने लिहिलं. पुढच्या तारखेला लोहनीने हे कोर्टात सांगितलं. मॅजिस्ट्रेट बाई मैदानातून आलेल्या, तरुण होत्या. पायाशी हीटर, अंगावर दोन शाली. त्यांनी डुंगरला समजावून सांगितलं की बाबा, याच चोरीचा तपास आता सरकार करतंय, तेव्हा कायद्याने तुमची फिर्याद मला थांबवावी लागते. पटवाऱ्याचा अहवाल मागवते. तो आला की बघू.

डुंगरने विचारलं, रद्द झाली का? नाही, स्थगित झाली. किती दिवस? अहवाल येईपर्यंत. आणि ही? त्याने खिमुलीकडे बोट केलं. बाई म्हणाल्या, तोवर त्यांनीही यायचं कारण नाही.

त्या दिवशी जीपमध्ये दोघं मागेच बसले. पुढे मेंढी होती.

दुसऱ्या सकाळी डुंगर माझ्या दारात हजर. बसला नाही, चहा नको म्हणाला, आणि टोपी हातात फिरवत राहिला.

"गुरू, एक विचारू? सरकारने माझी फिर्याद थांबवली. आता देवाकडची चालू आहे की थांबली?"

मी म्हटलं, देवाकडे असलं कलम आहे की नाही मला ठाऊक नाही.

"मग विचार ना त्याला. प्रकरण एकच आहे. सरकार थांबतं तर देवाला कसली घाई?"

"आणि थांबली तर तुझा काय फायदा रे डुंगर? दार लांबणीवर पडेल."

तो टोपीशी बोलल्यासारखा म्हणाला, "घात थांबली तर आग-पाणीही थांबलेलं सुटेल. स्थगितीपुरतं. मी काही बोजीला सोडलेलं नाही हां. फक्त स्थगितीपुरतं."

जागर लावायचा तर डंगरिया हवा, म्हणजे ज्याच्या अंगात गोलू देव येतो तो माणूस. आमच्या पट्टीचा डंगरिया दीवान. तो आता नोएडात एका सोसायटीच्या गेटवर वॉचमन होता. दुसरा कोणी नव्हता. मी आणि डुंगर मंदिराच्या वरच्या खडकावर चढलो, कारण मोबाईलला नेटवर्क फक्त तिथेच मिळतं, तेही एका पायावर उभं राहिलं तर. दीवानला सांगितलं, फोन कानाला लाव. फोन डुंगरने धरला आणि मी हुडका वाजवत देवाच्या जन्मापासून गोष्ट सुरू केली. पोटच्या पोरालाही मी ती कधी इतक्या जीव लावून सांगितली नसेल. तिकडे भर दुपारी गेटवर दीवान कापायला लागला. एका मोटारीला आत यायचं होतं, तिचा हॉर्न ऐकू येत होता. मग आवाज बदलला.

"कोणी उठवलं?"

मी सगळं सांगितलं. तिकडून फक्त हॉर्न.

"सरकार कशाची वाट बघतंय?"

"अहवालाची, देवा."

"मग मीही बघतो. अहवाल येईपर्यंत माझीही थांबली."

आणि फोन तुटला. डुंगर म्हणाला देव गेला, मला वाटतं बॅलन्स संपला. पण शब्द देवाचेच होते. दीवान काही इतका शहाणा नाही.

डुंगर खडकावरून उतरला तो थेट ओढा ओलांडून गेला. मी मागे होतो. खिमुली भटाचं काळं कडधान्य निवडत बसली होती. तिने मान वर न करता विचारलं, "काय लला, म्हातारपणात घर चुकलं? की कोर्टाने हाकललं?"

तो म्हणाला, थांबवलंय. देवानेही थांबवलंय.

"कुठवर?"

"अहवाल येईपर्यंत."

ती उठली आणि चुलीवर पाणी ठेवलं. तो त्या दगडावर बसला. दगड तापलेला होता, तो पाठ टेकून डोळे मिटून बसला आणि मला असं वाटलं की आता हा झोपणार. चहा आला. पहिला घोट झाला आणि खिमुलीने पदराने हात पुसले.

"लला, त्या दिवशी तू हल्द्वानीला होतास ना, तेव्हा..."

"बोजी, गप. प्रकरणाला स्थगिती आहे."

"अरे पण ऐक तरी."

"ऐकलं की मला वकिलाला सांगावं लागेल. वकिलाला सांगितलं की..." त्याने गुळाचा खडा तोंडात टाकला. "नयालांचा प्रेम कशाने गेला गं? काविळीने ना?"

"काविळीने कुठला. दारूने."

आणि ते भांडायला लागले.

तो हिवाळा आणि पुढचा उन्हाळा असा गेला. खिमुलीने आपली जुनी रजई काढून दिली, त्या भगदाडाला टांगायला. स्थगिती संपली की परत दे, म्हणाली. डुंगर अधूनमधून पटवाऱ्याकडे जाऊन यायचा आणि मधाचा कुंडा देऊन यायचा. तपास नीट होऊ द्या, साहेब, घाई करू नका. उप्रेतीला नोकरीत असा फिर्यादी पहिल्यांदाच भेटला होता. त्याने मनापासून घाई केली नाही.

मग असोजात, म्हणजे अश्विनात, गवत कापणी चालू असताना, खिमुलीचा मुलगा रुद्रपूरहून आला. कारखान्यात कामाला, घर झालेलं, पंखा वगैरे होता. आईला एकटं ठेवलं म्हणून लोक मला बोलतात, म्हणाला. तिने गाय विकली, कुलूप लावलं. जीपमध्ये बसताना ती डुंगरला म्हणाली, "रजई राहू दे. अजून अहवाल आला नाही." तो म्हणाला, हो, अजून आला नाही.

आता रिखाडीत एकच चूल. डुंगर दुपारी ओढा ओलांडून जायचा, कुलूपबंद घराच्या अंगणात बसायचा आणि ऊन गेलं की परत यायचा. आग तिथे नव्हतीच, चहा घरून न्यावा तर ओढ्यापर्यंतच गार व्हायचा. बर्फ पडलं तेव्हा सगळीकडे पांढरं होतं, फक्त त्या दगडापर्यंत एक पायवाट. मी एकदा गेलो तर तो एकटाच बोलत होता. प्रेम नयाल काविळीने गेला, असं स्वतःच म्हणाला, आणि दारूने असं म्हणायला कोणी नाही म्हणून थांबला.

फोन लावून देत होतो मी त्याला, त्या खडकावर चढवून. तिकडे पंख्याचा आवाज, सुनेचा आवाज, टीव्ही. बोजी म्हणायची, इथं ऊन लागतं रे, पण बसायला जागा नाही. तो विचारायचा, कधी येतेस? ती म्हणायची, काम काय आहे आता तिकडे? तारीखही पडत नाही.

हे त्याने ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी तुपाचा डबा घेऊन पटवाऱ्याकडे गेला. उप्रेतीने मला नंतर सांगितलं ते असं. तो डब्याकडे बघून म्हणाला, बाबा, मागच्या वेळी मध दिलात तो सावकाश करा म्हणून. हे तूप आणखी सावकाश करायला का? डुंगर म्हणाला, नाही, लवकर करा. अहवाल द्या आता. काय वाटेल तो द्या. उप्रेती म्हणाला, तुमचं दार ट्रकमध्ये नव्हतंच हो, ते आधीच कुठे तरी विकलं गेलंय. आरोपी सगळे खालचे, त्यांत खिमुलीदेवी कुठेच नाही. अहवालात हेच येणार. मग कोर्ट तुमची फिर्याद परत सुरू करेल.

"म्हणजे तिला तारखेला यावं लागेल?"

"यावंच लागेल. आरोपी आहे ती."

"मग लिहा," डुंगर म्हणाला.

मी त्याला बजावलं होतं. स्थगिती उठली की देवाचीही उठते, कारण देवाने तोंडाने सांगितलंय, अहवाल येईपर्यंत. म्हणजे पुन्हा आग नाही, पाणी नाही, पाऊल नाही. ती येईल आणि तुला तिच्या हातचा चहा मिळणार नाही. तो म्हणाला, मला ठाऊक आहे गुरू. चहा नाही मिळाला तरी ती येईल तर खरी.

अहवाल गेला, फिर्याद जिवंत झाली, तारीख पडली. खिमुली रुद्रपूरहून रात्रभराचा प्रवास करून आली, पिशवी कवटाळून, तोंड सुजलेलं. डुंगर ती रजई घडी करून डोक्यावर घेऊन आला होता, कारण स्थगिती संपली होती आणि परत द्यायची ठरली होती. कोर्टाच्या व्हरांड्यात एवढी थंडी की अर्जनवीसाची शाई दौतीत गोठून ती कुऱ्हाडीने फोडावी लागत होती. दोघं व्हरांड्याच्या दोन टोकांना. बाहेर अंगणाच्या कठड्यावर उन्हाचा एकच पट्टा पडला होता.

डुंगर माझ्याकडे आला.

"गुरू, बंदी कशाकशावर आहे?"

"आग, पाणी, पाऊल."

"कोर्टाचं अंगण कोणाचं?"

"सरकारचं."

"आणि ऊन?"

मी म्हटलं, ऊन कोणाच्या चुलीतलं नाही.

त्याने रजई कठड्यावर उन्हात पसरली आणि एका कडेला बसला. थोड्या वेळाने खिमुली आली आणि दुसऱ्या कडेला बसली. तिने रजईला हात लावून पाहिला. "दार मिळालं नाही ना? मग राहू दे तुझ्याकडे," म्हणाली. आणि मग, "लला, आता तरी ऐकशील?"

"आता स्थगिती नाही. बोल."

तिने सांगितलं. दोन पोरं पिकअप घेऊन आली होती. जुन्या दारांचे फोटो काढायला आलोय म्हणाली, सरकारी खात्याची. त्या हिवाळ्यात डुंगर गेल्यापासून तिच्याशी कोणी बोललं नव्हतं, आणि ही पोरं तिला आमा, म्हणजे आजी, म्हणत होती. तिने बटाट्याचे गुटके केले, भांगेची चटणी वाटली. त्यांनी मागून घेतलं. दुपारभर पोरं अंगणात बसली, त्याच दगडावर. सगळ्यात जुनं दार कुठलं, असं त्यांनी विचारलं तेव्हा तीच उठून त्यांना ओढा ओलांडून घेऊन गेली. दुरुस्तीला नेतो, महिन्यात आणून लावतो, असं पोरं म्हणाली. चौकट सोडवताना तिने खालून आधार दिला होता.

"गाडी वळणाआड जाईपर्यंत मी हात हलवत होते, लला. मग कळलं. पण मी हात हलवला होता. चोरांना. तुला काय सांगणार होते मी?"

 लोहनी वकील पलीकडे कोणाशी तरी बोलत उभा होता, आणि मला वाटलं आता डुंगर त्याला हाक मारणार. आरोपीने स्वतःच्या तोंडाने कबूल केलं होतं. पण डुंगरने रजईची कड सारखी केली.

"काय बोलली ती?"

"कोण?"

"पोरं. दुपारभर बसली म्हणतेस. बोलली काय काय?"

खिमुलीने त्याच्याकडे पाहिलं, या वेळी नीट डोळ्यांत. मग सांगायला लागली. एकाचं मंगसीर महिन्यात लग्न ठरलं होतं आणि त्याला मुलगी पसंत नव्हती. दुसऱ्याने बर्फ कधी पाहिलं नव्हतं, तो विचारत होता की झोपेत बर्फ पडलं तर आवाजाने जाग येते का. डुंगर म्हणाला, मग तू काय सांगितलंस? ती म्हणाली, जाग आवाज थांबल्यामुळे येते. तो म्हणाला, बरोबर सांगितलंस. आणखी?

तेवढ्यात पट्टेवाल्याने नावं पुकारली. दोघं आत गेले, दोन बाजूंना उभे राहिले. मॅजिस्ट्रेट बाईंनी कागद चाळून विचारलं, फिर्यादीचा काही पुरावा आहे का आज? लोहनीने डुंगरकडे पाहिलं. डुंगर म्हणाला, आज नाही. बाईंनी पुढची तारीख चैतात टाकली.

"साहेब, जवळची द्या."

"का? तुमचे साक्षीदार तयार आहेत का?"

"साक्षीदार नाहीत," डुंगर म्हणाला. "पण ऐकायचं अर्धंच झालंय."

बाईंना काही कळलं नाही, पण त्यांनी तारीख अलीकडे आणली. रुद्रपूरची बस लागलेली होती. खिमुली पिशवी घेऊन धावली, खिडकीतून तिने एकदा हात हलवला. डुंगरने रजई डोक्यावर घेतली आणि रिखाडीची जीप कुठे उभी आहे ते बघायला गेला. जीपमध्ये त्या दिवशी पुढची सीट रिकामीच होती. तो मागे बसला.